अनिस मुलाणीचा सिनेमा

चाकणच्या चौकात अनिस मुलाणी दिसला की पोरं त्याला ‘उस्मान पाना’ म्हणून हाक मारायची. त्याचं खरं नाव त्यांना ठाऊक नव्हतं. मी मात्र त्याला ओळखतो ते आम्ही दोघं एकाच कंपनीच्या पत्रा दाबायच्या प्रेस शॉपला लागलो तेव्हापासून. मशीनवर उभा राहून तो तोंडातल्या तोंडात काहीतरी पुटपुटत असायचा. सुपरवायझरला वाटायचं हा आपल्याला शिव्या देतोय. एकदा त्याने अनिसला बाजूला घेऊन विचारलं तर अनिस म्हणाला, “साहेब, नाटकातलं पाठ करतोय.” सुपरवायझरने विश्वास ठेवला नाही. अनिसने तिथेच, हातमोजे घालून, पान दोन पान म्हणून दाखवलं. आजूबाजूची माणसं हातातलं काम टाकून ऐकत राहिली.

त्याचे वडील नूरमोहम्मद. तळेगाव रस्त्याला त्यांचं गॅरेज होतं. चाकण म्हणजे कांद्याचा बाजार असं होतं तेव्हापासूनचं. आसपासच्या गावांतले शेतकरी डिझेल इंजिन, ट्रॅक्टर, मळणी यंत्र, जे बिघडेल ते नूरभाईंकडे आणायचे. माझे वडील तात्याबा (सगळा गाव त्यांना तात्याबा म्हणतो, मीही) त्यांतलेच एक. पेरणी तोंडावर आलेली असताना ट्रॅक्टर बंद पडला की माणसाचं काळीज बसतं. नूरभाई इंजिनावर हात ठेवायचे, कान लावायचे आणि म्हणायचे, “रुसलंय. मेलं न्हाई.” एवढं ऐकलं की समोरच्या माणसाचा जीव भांड्यात पडायचा. मग चहा यायचा. पुढे कारखाने आले, जमिनी गेल्या, ट्रॅक्टर कमी झाले आणि गॅरेजसमोर टेम्पो नि ट्रक उभे राहायला लागले. नूरभाई तेच राहिले. कॉलरला घासलेला पांढरा सदरा, खिशात चिंधी, आणि बोलता बोलता एकेक बोट वेगळं धरून हात पुसायची सवय.

अनिसने गॅरेज धरलं नाही. आयटीआय करून कंपनीत आला आणि कामगारांच्या नाट्यस्पर्धेत रमला. आमच्या गटासाठी त्याने एक एकांकिका लिहिली. जमीन गेलेला एक म्हातारा शेतकरी रोज कंपनीच्या गेटवर येतो आणि वॉचमनला सांगतो, मला फक्त माझ्या विहिरीपर्यंत जाऊ दे. म्हाताऱ्याचं काम अनिसनेच केलं. तेव्हा तो पंचविशीतही नव्हता. चिंचवडच्या नाट्यगृहात प्रयोग झाला तेव्हा मी तात्याबांना घेऊन गेलो होतो. आमचीही विहीर अशीच एका कंपनीच्या भिंतीआड गेली होती. पडदा पडल्यावर तात्याबा थेट रंगपटात शिरले. अनिस मिशा उतरवत होता.

“कुणाचा रं तू? कुठलं गाव?” तात्याबांनी विचारलं. त्यांना तो आपल्याच भावकीतला कुणी वाटला होता.

“नूरभाई मेकॅनिकचा.”

तात्याबा त्याच्याकडे बघत राहिले. मग त्यांनी त्याला मिठी मारली. अनिसच्या चेहऱ्यावरचा रंग तात्याबांच्या गालाला लागला. घरी येताना गाडीत ते एकच वाक्य बोलले, “नूरमोहम्मदानं काय पोरगं काढलंय.”

त्या वर्षी अनिसला अभिनयाचं आणि लेखनाचं, दोन्ही बक्षिसं मिळाली. कंपनीत कायम व्हायची वेळ आली होती आणि नेमकी तेव्हाच त्याने नोकरी सोडली. मी खूप समजावलं. तो म्हणाला, “गोरक्ष, त्या दिवशी तात्याबांनी मला नाव विचारायच्या आधी गाव विचारलं. मला असंच काम करत राहायचंय.”

सिनेमाच्या ऑफिसांत मात्र नाव आधी विचारायचे.

त्यातली एक भेट त्याने मला स्वतः करून दाखवली होती, दोन्ही आवाजांत. टेबलामागचा माणूस म्हणतो, “मुलाणी? मराठी जमेल ना?” अनिस सांगतो, शाळा मराठी झालीय, लिहितोही मराठीत. मग तो त्या म्हाताऱ्या शेतकऱ्याचा उतारा म्हणून दाखवतो.  टेबलामागचा माणूस म्हणतो, “वा. पण जरा जास्तच अस्सल वाटतंय हो. आपल्याला तसं नकोय. थोडी तोडून बोलाल का? हम तुमको बोला ना, असं काहीतरी?”

अनिस घरी आरशासमोर मोडकी मराठी बोलायचा सराव करायला लागला. त्याची आई नूरबी स्वयंपाकघरातून हसायची. “असं कोण बोलतं रे? आपल्या सात पिढ्यांत कोण बोललं असं?”

त्याला कामं मिळाली. डोळ्यात सुरमा, गळ्यात तावीज, हातात सुरा. कुठे तस्कराचा माणूस, कुठे खाटीक, कुठे बॅग ठेवून पळणारा. बहुतेक सिनेमांत मध्यंतराच्या आत त्याचा मुडदा पडायचा. कधी गोळीने, कधी सुरीने, एकदा ट्रकखाली. श्रेयनामावलीत त्याच्या नावासमोर ‘गुंड’ एवढंच असायचं. दरम्यान त्याचं लग्न झालं होतं. त्याची बायको सादिका महाळुंग्याला गाड्यांच्या वायरिंगच्या कंपनीत होती. घर तिच्या पगारावर चालत होतं आणि ती कधी तसं बोलून दाखवायची नाही. एवढंच म्हणायची, “तुम्हाला मरताना बघायला मी तिकीट काढणार नाही. तुम्ही जगणार असाल त्या सिनेमाला बोलवा.”

तसा सिनेमा तो लिहायला बसला.

रस्ता रुंद होणार म्हणून मोजणी सुरू झालेली असते. एका म्हाताऱ्या मेकॅनिकचं गॅरेज त्या रेषेत येतं. त्याचा मित्र, एक शेतकरी, आपला बंद पडलेला जुना ट्रॅक्टर गॅरेज पडायच्या आत सुरू करून दे म्हणून मागे लागतो. विकायला नाही, चालवायलाही नाही. नुसता एकदा आवाज ऐकायचाय म्हणून. एवढीच गोष्ट. त्यात मारामारी नव्हती, गाणं नव्हतं. एका शुक्रवारी दुपारच्या नमाजानंतर त्याने घरात सगळ्यांना बसवून ती वाचून दाखवली. मला नि तात्याबांनाही बोलावलं होतं. नूरभाई मांडी घालून, मान खाली करून ऐकत होते. वाचून संपलं तेव्हा नूरबी डोळ्याला पदर लावून बसल्या होत्या.

नूरभाई म्हणाले, “तू मला जरा जास्तच बोलायला लावलंयस. मी एवढं बोलत न्हाई.”

पण दुसऱ्या दिवसापासून गॅरेजवर येणाऱ्या प्रत्येकाला ते सांगायला लागले. ट्रक ड्रायव्हर उत्तरेकडचा असला तरी हातवारे करून सांगायचे. माझ्यावर पोरानं सिनेमा लिहिलाय. त्यात मी हाय आणि हे तात्याबा हायत.

पटकथा घेऊन अनिस दारोदार फिरला. कुणी वाचली नाही, कुणी वाचून हसले. मग त्याला मोशीचे अर्जुनराव भेटले. अर्जुनरावांची शेती इंद्रायणीकाठी होती. तिथे आता त्यांचेच फ्लॅटचे टॉवर उभे होते आणि त्यांना आता सिनेमा काढायचा होता. माणूस वाईट नव्हता. गोष्ट ऐकताना ते खरोखर रडले. आपल्या बापाचा ट्रॅक्टर आठवला म्हणाले. त्याच बैठकीत त्यांनी करार केला. अनिसने सही केली. मेकॅनिकची भूमिका अनिस करणार हेही तिथेच ठरलं. त्या संध्याकाळी तो पेढे घेऊन आमच्या घरी आला होता. मला आठवतं, त्याने तात्याबांना वाकून नमस्कार केला.

नंतर बैठका सुरू झाल्या. दिग्दर्शक मुंबईचा आणला होता. पहिल्या बैठकीत तो म्हणाला, म्हातारा मेकॅनिक नायक असला तर थिएटरात येणार कोण? शेतकऱ्याचा तरुण मुलगा नायक करू. अनिसला वाटलं, ठीक आहे, म्हातारा आहेच की. दुसऱ्या बैठकीत ठरलं की मुलगा पोलिसात असावा. तिसऱ्या बैठकीत प्रश्न आला की पोलीस आहे तर गुन्हा काय? आपल्या पट्ट्यात गाड्या चोरीला जातात, त्यांचे भाग सुटे करून विकतात, तेच घेऊ. मग चोरीच्या गाड्या सुट्या होतात कुठे?  उत्तर टेबलाभोवती सगळ्यांना सुचलं होतं आणि म्हणायला कुणी तयार नव्हतं. शेवटी अर्जुनरावच जरा ओशाळून म्हणाले, “अनिसभाऊ, गॅरेज तर आपल्याकडे आहेच.”

हे सगळं त्याने मला तेव्हा सांगितलं नाही, फार नंतर सांगितलं. मी विचारलं, “उठून का नाही आलास?”

“सही झाली होती. आणि खरं सांगू? मला वाटलं, एवढा एक होऊ दे. हा चालला की पुढचा माझ्या मनासारखा. गोरक्ष, ते कधी एकदम सगळं मागत नाहीत रे. जरासं मागतात. तू देतोस. मग परत जरासं.”

मित्र शेतकरी गेला, ट्रॅक्टर गेला, मोजणी गेली. राहिलं ते गॅरेज आणि त्यातला म्हातारा. त्याचं नाव झालं उस्मान पाना. चोरीच्या गाड्यांचा मालक, साक्षीदारांना इंजिन उचलायच्या चेनपुलीला उलटं टांगणारा. हे सगळं अनिसने स्वतःच्या हाताने लिहिलं. नवे संवाद लिहायला वेळ नव्हता म्हणून जुन्या म्हाताऱ्याचेच काही संवाद त्याने तसेच ठेवले.

घरी त्याने काही सांगितलं नाही. नूरभाई रोज विचारायचे, शूटिंग कधी? शूटिंग तळेगावजवळ एका बंद शेडमध्ये लागलं. तिथे यायचं म्हणून ते दाढी करून तयार बसायचे आणि अनिस काहीतरी कारण काढायचा. आज गर्दी आहे, आज पावसाचा सीन आहे. मग नूरभाईंनीच एक दिवस आपला जुना सदरा, टोपी आणि वापरातले पाने एका पिशवीत भरून दिले. म्हणाले, “नव्या कपड्यात मेकॅनिक दिसत न्हाई बेटा. हे घाल.”

त्याने ते घातलं. दिग्दर्शक खूश झाला. अनिसने बापाची चाल घेतली, डावा पाय किंचित ओढत चालायची. कान इंजिनाला लावायची ढब घेतली. एकेक बोट वेगळं धरून हात पुसणं घेतलं. ते त्याला शिकावं लागलं नाही. आयुष्यभर तेच बघितलेलं. सेटवरचे लोक म्हणायचे, असं काम आम्ही बघितलं नाही. आणि तेही खरंच होतं. इतक्या वर्षांत त्याला पहिल्यांदा कुणी मोडकी मराठी बोलायला सांगितलं नव्हतं. उस्मान पाना नूरभाईंसारखाच बोलत होता.

सिनेमा लागला तेव्हा नूरभाईंनी पहिल्याच दिवसाचं ठरवलं. चिंचवडच्या मल्टिप्लेक्सला. मी माझी गाडी काढली. पुढे तात्याबा, मागे नूरभाई, नूरबी आणि सादिका. नूरभाईंनी अत्तर लावलं होतं. थिएटरच्या दारात अनिसचा चेहरा असलेलं मोठं पोस्टर होतं. त्याच्या हातात रक्ताने माखलेला पाना होता. सादिका ते बघून जागच्या जागी थांबली. नूरभाईंनी लांबचा चष्मा अजून खिशातून काढला नव्हता. ते म्हणाले, “केवढा मोठा लावलाय बघ आपला अनिस.”

अनिस आत आला नाही. अर्जुनरावांबरोबर बाहेर उभा होता.

पडद्यावर पहिल्यांदा गॅरेज दिसलं तेव्हा नूरभाई मोठ्याने म्हणाले, “माझा सदरा!” पुढच्या रांगेतल्या दोघांनी वळून बघितलं. तात्याबाही हसले. मग उस्मान पाना एका माणसाजवळ गेला. माणूस चेनपुलीला उलटा लोंबत होता. उस्मानने त्याच्या छातीला कान लावला, अगदी सावकाश, प्रेमाने लावावा तसा. मग सरळ होऊन एकेक बोट पुसत तो साथीदाराला म्हणाला, “रुसलाय. मेला न्हाई.” आणि पाना मारला.

थिएटरात शिट्ट्या झाल्या.

त्यानंतर मी पडद्याकडे कमी आणि नूरभाईंकडे जास्त बघत होतो. ते उठले नाहीत. मान ताठ ठेवून, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून शेवटपर्यंत बसले. नूरबींनी मध्येच सादिकाचा हात धरून विचारलं, “ये कौन है?”  शेवटी नायकाने उस्मानला त्याच्याच चेनपुलीला लटकवलं, तेव्हा अख्खं थिएटर टाळ्या वाजवत उभं राहिलं. आम्ही पाच जण बसून होतो.

बाहेर लॉबीत नूरभाई भिंतीला टेकून थांबले. तात्याबा त्यांच्याजवळ गेले.

“तात्याबा,” नूरभाईंनी विचारलं, “मी असा हाय?”

“न्हाई रे. काय बोलतो तू?”

“मग पोराला असा कसा दिसलो?”

 तात्याबांनी नूरभाईंचा दंड धरला आणि दोघं म्हातारे तसेच उभे राहिले. तेवढ्यात गर्दीतून अनिस आला. गळ्यात हार, आजूबाजूला मोबाइल धरलेली पोरं. बापासमोर येऊन तो थांबला.  नूरभाईंनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. “काम चांगलं केलंस,” ते म्हणाले, आणि सरकत्या जिन्यावर पाय टाकताना बिचकणाऱ्या नूरबींना सांभाळत खाली गेले. 

सिनेमा शहरात पडला, तालुक्याच्या गावांत चालला. पण तो चेनपुलीचा तुकडा मोबाइलवर फिरायला लागला. पोरं त्यावर रील करायची. कुणी मित्राच्या छातीला कान लावायचा, कुणी झोपलेल्या आजोबांच्या. गॅरेजवरून दुचाकी जाताना मागे बसलेलं पोरगं ओरडायचं, “काय पाना, रुसलाय का मेलाय?” ओळखीचे ग्राहकही गमतीत म्हणायचे, “चाचा, चोरीचा एखादा आरसा असंल तर काढा.” नूरभाई आधी हसायचे. मग त्यांनी हसणं सोडलं. मग ते वाक्यही सोडलं. इंजिन बघायचे आणि “बघू” म्हणायचे.

गिऱ्हाईक तुटलं नव्हतं. गॅरेज त्यांनी स्वतःहून बंद केलं. तात्याबा त्यांना समजवायला गेले तेव्हा मी सोबत होतो. शटर अर्धं ओढलेलं होतं आणि नूरभाई आत बाकड्यावर बसले होते.

“हात पुसायला चिंधी काढली,” ते म्हणाले, “की मला वाटतंय मी त्याचीच नक्कल करतोय. चाललो की वाटतंय समोरचा बघतोय, तसाच चालतोय का. तात्याबा, माझं आता माझ्याकडं काहीच राहिलं न्हाई.”

हे मी अनिसला सांगितलं नाही. तात्याबांनी सांगितलं. त्यांना वाटलं होतं, पोराला कळायला पाहिजे. ते ऐकून अनिस दोन दिवस घराबाहेर पडला नाही असं सादिका म्हणाली.

त्यानंतर तो जे काही करायला गेला त्यातलं एकही धड झालं नाही. फोन खूप यायला लागले होते. सगळे उस्मान पानासारखं काहीतरी मागत होते. अर्जुनरावांनी दुसरा भाग काढायचं ठरवलं. उस्मानचा भाऊ बदला घ्यायला येतो. अनिसने सगळ्यांना नकार दिला आणि अर्जुनरावांना गळ घातली. मूळची गोष्ट परत करा, मी ती साधी, कमी खर्चात करतो, नाहीतर दुसऱ्या कुणाकडून करून घेतो. अर्जुनरावांनी त्याला चहा पाजला, वकिलाला फोन लावला आणि मग म्हणाले, “अनिसभाऊ, गोष्ट, पात्रं, गॅरेज, सगळं करारात आपल्याकडे आहे. मी ते असंच सोडलं तर उद्या दुसरे पण मागतील. तू भाग दोन कर ना. तुला पहिल्या नावावर टाकतो.”

म्हणजे स्वतःच्या बापावर लिहायलाही त्याला आता परवानगी लागणार होती.

मग त्याने नाटकाचं ठरवलं. सिनेमा नाही तर नाही, स्टेजवर एकदा खरी गोष्ट दाखवू. आमचा कामगार गट अजून जिवंत होता. तालमी कंपनीच्या जुन्या कॅन्टीनमध्ये सुरू झाल्या. मी शेतकरी, अनिस मेकॅनिक. तालमीत पहिल्या दिवशी त्याला उभंच राहता येईना. डावा पाय ओढला की उस्मान व्हायचा, न ओढला तर कुणीच व्हायचा नाही. त्याने सगळं काढून टाकलं. चाल, कान, हात, सगळं. एका खुर्चीवर बसून तो नुसते संवाद म्हणायचा. मला ते फार चांगलं वाटत होतं. इतका उघडा नट मी बघितला नव्हता.

तो वडिलांना बोलवायला गेला. ती भेट सादिकाने मला सांगितली. नूरभाई पलंगावर बसले होते. अनिस जमिनीवर बसून म्हणाला, “अब्बा, एकदा या. आधी वाचलेलं तसंच आहे. एक शब्द बदलला नाही.”

नूरभाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. “न्हाई बेटा. मला परत बघायचं न्हाई.”

“यात तुम्ही चांगले आहात.”

“चांगला असलो तरी न्हाई. मला कुणी दाखवायलाच नको.”

तरी तालमी चालू राहिल्या. प्रयोगाच्या आठवड्यात अर्जुनरावांच्या वकिलाचा फोन कंपनीच्या ऑफिसला गेला. ऑफिसने आम्हाला बोलावून घेतलं. कामगारांच्या हौसेपायी कंपनीला कोर्टकचेरी नको, असं तिथले साहेब म्हणाले. रागावून नाही, समजुतीनेच. गटातल्या पोरांची नोकरी होती. माझीही होती. आम्ही नाव मागे घेतलं. मी अनिसला सांगायला गेलो तेव्हा तो कॅन्टीनमध्ये एकटाच बसून होता. त्याने मला एका शब्दानेही बोल लावला नाही. “तुमची पोटं आहेत राव,” म्हणाला, आणि खुर्ची उचलून भिंतीला लावली.

नूरभाई त्याच हिवाळ्यात गेले. छातीत कळ आली आणि दवाखान्यात पोचायच्या आत संपलं. डॉक्टरांनी सांगितलं, जुना आजार होता, अंगावर काढलेला. सिनेमाचा त्याच्याशी काही संबंध नाही असं आम्ही सगळ्यांनी अनिसला सांगितलं. त्याने मान हलवली.

दफनाला सगळा पट्टा लोटला होता. ज्यांचे ट्रॅक्टर कधीच भंगारात गेले होते असे म्हातारे शेतकरी टोप्या हातात घेऊन कबरस्तानाच्या भिंतीबाहेर उभे होते. तात्याबांनी आत जाऊन तीन मुठी माती दिली. सगळं उरकून अनिस बाहेर आला तेव्हा त्याच्या कपड्यांना माती होती, डोळे सुजले होते. फाटकापाशी दोन पोरं होती, बाहेरगावची, कामाला आलेली असावीत. कुणाची मयत आहे ते त्यांना ठाऊक नव्हतं. एकाने अनिसला ओळखलं. “उस्मानभाई, एक सेल्फी?”

मी पुढे झालो त्यांना हाकलायला. पण त्याआधीच पोरगं अनिसच्या खांद्याला खांदा लावून उभं राहिलं होतं, मोबाइल वर केला होता. आणि अनिसचा चेहरा, मी डोळ्यांनी बघितला, क्षणभर फिरला. एक भुवई वर गेली, ओठ एका बाजूला ताणले गेले. इतक्या वर्षांची सवय. फोटो निघाला. पोरं थँक्यू म्हणून गेली. मग आपण काय केलं ते त्याच्या ध्यानात आलं आणि तो तिथेच फाटकाला धरून खाली बसला. आम्हाला त्याला उचलून गाडीत घालावं लागलं.

त्यानंतर त्याने कॅमेऱ्यासमोर पाऊल टाकलं नाही. दुसरा भाग दुसऱ्याच कुणाला घेऊन निघाला. गोष्टीतल्यासारखी गॅरेजची जागा रस्त्यात गेली नाही. रुंदीकरण अजून कागदावरच आहे. ती जागा आता एका मोबाइलवाल्याला भाड्याने दिलीय. नूरबी अनिस-सादिकाजवळ असतात. रविवारी दुपारी कुठल्यातरी वाहिनीवर तो सिनेमा लागतो म्हणून सादिकाने घरातला टीव्ही कायमचा बंद केलाय.

अनिस महाळुंग्याच्या एका गोदामाच्या गेटवर लागला, आत येणाऱ्या गाड्या तपासायला. दाढी वाढवली आहे, तोंडावर मास्क असतो. एवढ्यात त्याला कुणी ओळखत नाही. मागच्या महिन्यात मी गाडी घेऊन तिकडे गेलो होतो म्हणून थांबलो. टपरीवर चहा घेतला. मी म्हणालो, सेफ्टी वीकला आमच्या कंपनीला पथनाट्य हवंय, लिहून देशील का? नाव नको टाकू हवं तर.

त्याने कपातली साय बोटाने काढली.

“लिहायला बसलो की आधी माणूस दिसावा लागतो,” तो म्हणाला. “मला आता अब्बांचा चेहरा आठवत नाही, गोरक्ष. डोळे मिटले की मेकअप केलेला मीच येतो. फोटो काढून बघतो. फोटोतले अब्बा अनोळखी वाटतात.”

 काहीतरी म्हणायचं म्हणून मी विचारलं, सादिका कशी आहे, अम्मी कशा आहेत. बऱ्या आहेत म्हणाला. अम्मींचे गुडघे दुखतात. पुढच्या आठवड्यापासून त्याची बदली तळेगावच्या गोदामात होणार होती, सकाळची शिफ्ट. लांब पडणार, पण कंपनीची बस आहे. हे सगळं त्याने सरळ आवाजात सांगितलं. कसलाही चढउतार नसलेल्या त्या आवाजात त्याचं बोलणं ऐकायची मला सवय नव्हती.

गेटवर एक कंटेनर येऊन उभा राहिला आणि ड्रायव्हरने हॉर्न दिला. अनिसने कप टपरीच्या फळीवर ठेवला, मास्क नाकावर ओढला आणि गाडीचे कागद बघायला गेला.